दाराकडून येणारा उजेड

भारतातल्या पहिल्या पूर्ण लांबीच्या कथापटाचं बाह्यचित्रण आजच्या ठाणे जिल्ह्यात झालं, ही गोष्ट खुद्द जिल्ह्यातही फारशी कोणाच्या बोलण्यात येत नाही. 'राजा हरिश्चंद्र'मधले महाल आणि दरबार दादासाहेब फाळक्यांनी दादरला उभे केले. रानातल्या प्रसंगांसाठी मंडळी वांगणीला गेली. कल्याण-कर्जत मार्गावरचं हे गाव आता अंबरनाथ तालुक्यात मोडतं, मुरबाडची शीव तिथून लांब नाही. ढाली-तलवारी घेऊन उतरलेली माणसं पाहून गावाला दरोड्याचा संशय आला, पाटलाने सगळ्यांना अडकवून ठेवलं, आणि मागाहून पोचलेल्या फाळक्यांनी फिल्म न भरताच कॅमेरा चालवून दाखवला तेव्हा कुठे सुटका झाली, असा किस्सा सांगतात. तो ऐकताना लोक पाटलाला हसतात. मला मात्र त्या गडबडीत कॅमेऱ्याशेजारी उभा असलेला माणूस आठवतो. त्याचं नाव त्र्यंबक तेलंग. फाळक्यांचे हे स्नेही. फाळक्यांनीच त्यांना कॅमेरा शिकवला आणि 1913 साली पडद्यावर आलेल्या त्या चित्रपटाचं छायालेखन त्यांच्या नावावर आहे. दिग्दर्शकाच्या नावाने देशातला चित्रपटांचा सर्वोच्च सन्मान दिला जातो. पहिल्या छायालेखकाचं नाव माहीत असायला मात्र चित्रपटाचा अभ्यासकच असावं लागतं.

तेलंगांपुढची अडचण काय होती, हे जरा थांबून पाहण्यासारखं आहे. मोजमापाचं यंत्र नव्हतं. ऊन किती आहे हे डोळ्यांनी ठरवायचं आणि हँडल हाताने, एका लयीत फिरवायचं. त्याहून मोठी गोम फिल्ममध्ये होती. त्या काळची फिल्म तांबड्या रंगाला जवळजवळ आंधळी होती. निळ्या आकाशाने ती भाजून निघायची आणि आकाश पांढरंफटक दिसायचं. उलट गव्हाळ, सावळ्या कातडीतला तांबूसपणा तिला दिसतच नसल्यामुळे माणूस होता त्याहून काळा उमटायचा. म्हणून तोंडाला रंग फासायचा, म्हणून समोरून पांढऱ्या चादरी धरून उन्हाचा उजेड तोंडावर परतवायचा. या चादरी सरस्वतीबाई फाळके धरत असत. कच्च्या फिल्मला भोकं पाडणं, रसायनं कालवणं ही कामंही त्या करत. तारामतीची भूमिका करणारे अण्णा साळुंके पुढे स्वतः छायालेखक झाले. चेहऱ्यावर रंग लावून उन्हात उभं राहिलेल्या माणसाला कॅमेऱ्यामागे गेल्यावर काय काय आधीच ठाऊक असेल, याची कल्पना करून पाहावी.

परदेशात, परक्या उजेडासाठी आणि परक्या कातडीसाठी बनलेलं यंत्र घेऊन इथला माणूस दाखवायचा, हे काम त्या दिवशी सुरू झालं आणि ते अजून संपलेलं नाही. रंगीत फिल्म आल्यावर तिचा रंग बरोबर आहे की नाही हे ठरवायला प्रयोगशाळांत एका गोऱ्या बाईचं छायाचित्र नमुना म्हणून वापरत. 'शर्ली कार्ड' म्हणून ते ओळखलं जाई. तिची कातडी बरोबर उमटली की सगळं बरोबर. वेगवेगळ्या वर्णाच्या माणसांचे नमुने यायला 1990चं दशक उजाडलं. तोवर आपल्याकडच्या दोन-तीन पिढ्यांच्या छायालेखकांनी शर्लीच्या मापाच्या फिल्मवर आपली माणसं उतरवली होती. सावळ्या चेहऱ्यावर नुसता जास्त उजेड टाकला तर तो राखेसारखा दिसतो. त्याला पसरट, एका बाजूने हळूच येणारा उजेड लागतो. कपाळावरच्या, गालफडावरच्या घामाला ज्यात चमक येते आणि ज्याच्या दुसऱ्या बाजूला सावली राहू दिलेली असते. 'फँड्री'त छायालेखक विक्रम अमलाडींनी नायक जब्याचा चेहरा असा दाखवला आहे. पोरगा उन्हात रापलेला आहे आणि कॅमेऱ्याला त्याची लाज वाटत नाही.

याच ठाणे जिल्ह्यातल्या शहापूर आणि मुरबाड या दोन तालुक्यांचा चित्रपटाशी संबंध बहुतेक वेळा पावसाळ्यापुरता असतो. मुंबई शे-सव्वाशे किलोमीटरवर, त्यामुळे माळशेज घाटातले धबधबे, माहुलीचे सुळके, भातसेच्या पाण्याची कड हे सगळं एका दिवसात उरकता येतं. गाडी पहाटे निघते, रात्री परत जाते. हिरवं रान, वरून फिरणारा ड्रोन, ओल्या डांबरावरून पळणारी मोटार. मुंबईला या भागातून काहीतरी घेऊन जायची जुनी सवय आहे. तानसा धरण 1892 सालचं. मग मोडकसागर, भातसा, मध्य वैतरणा. मुंबईच्या नळाला येणाऱ्या पाण्यातलं निम्म्याच्या आसपास एकट्या भातसेचं, आणि त्याच शहापूर तालुक्यातल्या पाड्यांवर एप्रिल-मे महिन्यांत टँकरची वाट पाहत हंड्यांच्या रांगा लागतात. पाणी जलवाहिनीतून नेता येतं. उजेड तसा नेता येत नाही. तो ज्या जागेचा आहे त्या जागीच राहतो, आणि तो समजून घ्यायचा तर तिथे जाऊन, थांबून, ऋतू पालटेपर्यंत पाहावं लागतं. स्वतंत्र चित्रपटाच्या छायालेखकाचा सगळा व्यवसाय या एका गोष्टीवर उभा आहे, असं मला वाटतं. बाकीच्यांना उजेड बरोबर आणता येतो. याला जागेवरचा उजेड वापरावा लागतो. गरिबीने लादलेली ही अट ज्याने मनापासून आपली मानली, त्याच्याच हातून या देशातली काही चांगली दृश्यं निघाली आहेत.

मुरबाडचं उदाहरण घ्या. तालुक्याच्या पूर्वेला सह्याद्री भिंतीसारखा उभा आहे. सिद्धगड, गोरखगड, नाणेघाट, वर हरिश्चंद्रगडाचा कोकणकडा. या भिंतीच्या पायथ्याच्या गावांत सूर्य पंचांगातल्या वेळेला उगवत नाही. आभाळ कधीचं उजळलेलं असतं, पण ऊन कड्यावरून उतरून अंगणात यायला बराच वेळ जातो. आणि येतं तेव्हा ते चढलेलं, पांढरं ऊन असतं. शहरातले छायालेखक ज्या पहाटेच्या सोनेरी, तिरप्या उन्हासाठी चार वाजता उठून येतात, ते या गावांच्या वाट्याला फारसं नाही. त्याऐवजी इथे मिळतो तो सावलीतला निळसर, सारखा उजेड, बराच वेळ टिकणारा. संध्याकाळी सगळं उलटं. पश्चिम मोकळी, खाडी आणि समुद्राच्या दिशेने उघडी. मावळतीचं ऊन थेट कड्यांवर आदळतं, काळा पाषाण तांबूस होतो आणि त्या तापलेल्या भिंतीवरून परतलेला उजेड खालच्या गावांवर पडत राहतो. मुंबईहून आलेल्या युनिटच्या कागदावर 'सकाळ, बाहेर' असं लिहिलेलं असतं. कुठली सकाळ, हे तिथल्या गुराख्याला नीट माहीत असतं.

कोकणकड्यावरून कर्नल साईक्सला इंद्रवज्र दिसलं, गोल इंद्रधनुष्य, ही नोंद गिर्यारोहकांच्या तोंडी असते. सूर्य पाठीशी, दरीत धुकं, आणि त्या धुक्यावर आपल्याच सावलीभोवती पडलेलं रंगांचं कडं. पाहणारा वर उभा असेल तरच ते दिसतं. त्याच वेळी कड्याखालच्या बेलपाड्यात माणसं त्या धुक्याच्या आत असतात. कोणी शेण काढतंय, कोणी चूल पेटवतंय. त्यांच्या डोक्यावर कोणाला तरी गोल इंद्रधनुष्य दिसत आहे याची त्यांना खबरही नसते. छायालेखकापुढे नेहमी हे दोन पर्याय असतात. वरून पाहिलं की चमत्कार दिसतो. खाली उतरलं की धुकं, आणि त्या धुक्यात हालणारी माणसं. ड्रोनमुळे पहिला पर्याय आता फार स्वस्त झाला आहे.

खालचा पर्याय किती अवघड, हे ठाकर किंवा कातकरी वस्तीतल्या जुन्या घरात शिरलं की कळतं. कारवीच्या कुडाच्या भिंती, त्यांवर शेणामातीचा लेप. वर कौलं किंवा पेंढा. खिडकी बहुधा नाहीच. दार बुटकं, वाकून आत जायचं. आत गेल्यावर पहिलं मिनिट काही दिसत नाही. मग हळूहळू कोपऱ्यातली उतरंड, दोरीवरची गोधडी, चुलीमागची काळी भिंत उमटायला लागते. उजेड येतो तो एकट्या दाराकडून. पण तो चेहऱ्यावर थेट येत नाही, हे ध्यानात घ्यायला हवं. तो आधी उंबऱ्याच्या आत, सारवलेल्या जमिनीवर पडतो. शेणाने सारवलेली जमीन बराच उजेड पिऊन टाकते आणि उरलेला तपकिरी करून वर पाठवते. म्हणून दाराजवळ भाकरी थापत बसलेल्या बाईचा चेहरा खालून, हनुवटीकडून उजळलेला असतो, कपाळ त्यामानाने अंधारात. आषाढ-श्रावणात दारासमोर भाताची खाचरं असतील तर त्या उजेडात हिरवट झाक येते. वैशाखात माती उघडी पडली की तोच उजेड पिवळा होतो. कुडाचा लेप जिथे गळला असेल तिथून उन्हाच्या बारीक रेघा आत येतात, आणि चुलीचा धूर त्यांना छेदून गेला की त्या रेघा हवेत उभ्या राहतात.

आता यात कॅमेरा लावायचा. दाराबाहेरचं दुपारचं ऊन आणि चुलीमागचा कोपरा यांत नऊ-दहा स्टॉपचा फरक सहज असतो. दर स्टॉपला उजेड दुप्पट, म्हणजे पाचशे ते हजारपट फरक. माणसाचा डोळा क्षणात इकडून तिकडे जुळवून घेतो. कॅमेऱ्याला एक बाजू निवडावी लागते. रूढ पद्धत अशी की जनरेटर आणायचा, घराबाहेर मोठा एचएमआय दिवा उभा करायचा, दारात उजेड पसरवणारा स्किमर लावायचा, आतून दोन-तीन दिवे द्यायचे आणि खोली 'दिसायला' लावायची. मग उतरंड दिसते, गोधडीवरची नक्षी दिसते, नटीचा चेहरा गोलगोल दिसतो, आणि ते घर मात्र नाहीसं होतं. कारण त्या घराचा स्वभाव त्याच्या अंधारात आहे. त्या अंधारात वावरणाऱ्या बाईचे हात डोळ्यांवर विसंबत नाहीत, मिठाचा डबा कुठे आहे हे हाताला ठाऊक असतं. उजळलेल्या खोलीत तेच हात खोटे वाटायला लागतात. अंधार अंधारच ठेवायचा आणि प्रेक्षक कंटाळणार नाही इतपत त्यातून वाट काढायची, हे स्वतंत्र छायालेखकाचं खरं स्वातंत्र्य. ते त्याला कोणी देत नाही. दिग्दर्शकाशी, निर्मात्याशी, नंतर डीआयच्या, म्हणजे रंग जुळवायच्या, खोलीत 'जरा उचला ना' म्हणणाऱ्या सगळ्यांशी भांडून ते टिकवावं लागतं.

या भांडणाची आपल्याकडे एक परंपरा आहे. व्ही. के. मूर्तींनी 'कागज़ के फूल'मध्ये (1959) स्टुडिओच्या पोकळीत उन्हाचा तो प्रसिद्ध झोत आणला तो दिव्यांनी नव्हे, आरशांनी. बाहेरचं खरं ऊन आरशावरून आरशावर परतवत आत घेतलं. गुरुदत्तच्या चित्रपटांतल्या छायाप्रकाशाबद्दल अरुण खोपकरांनी मराठीत मोठ्या समजुतीने लिहिलं आहे. मी इथे एवढंच नोंदवतो, की मुरबाडच्या कौलारू घरात छपरात बसवलेलं एखादं काचेचं कौल अगदी हेच काम करत आलं आहे. दुपारी त्यातून उन्हाचा खांब खाली उतरतो आणि जमिनीवरून सरकत जातो.

मूर्तींच्या हाताखाली गोविंद निहलानी शिकले. कराचीत जन्मलेला हा माणूस बंगळूरच्या पॉलिटेक्निकमध्ये छायालेखन शिकून मुंबईत आला आणि त्याचं सुरुवातीचं महत्त्वाचं काम मराठीत झालं: सत्यदेव दुबे यांचा 'शांतता! कोर्ट चालू आहे' (1971). मग श्याम बेनेगल यांच्याबरोबर 'अंकुर', 'निशांत', 'मंथन', 'भूमिका'. स्वतंत्र छायालेखकाची कारकीर्द म्हणून काही दाखवायचं असेल तर मी ही दहा वर्षं दाखवीन. आणि त्यांच्या शेवटी 1980चा 'आक्रोश', तेंडुलकरांची पटकथा, निहलानींचं पहिलं दिग्दर्शन आणि कॅमेराही त्यांचाच. बायकोच्या खुनाच्या आरोपाखाली धरलेला आदिवासी लहान्या भिकू जवळजवळ सगळा चित्रपट गप्प आहे. वकील विचारतो, तो बोलत नाही. नायकच बोलणार नसेल तर त्याचं म्हणणं मांडायचं कोणी? लहान्या झालेल्या ओम पुरींच्या वणांच्या, सावळ्या चेहऱ्यावर उजेड किती आणि कुठून पडू द्यायचा, यावर चित्रपटाचा निम्मा युक्तिवाद उभा आहे. सुरुवातीलाच रात्रीची चिता आहे आणि बेड्या घातलेला नवरा तिला अग्नी देतो आहे. तिथे आगीखेरीज दुसरं काही दाखवायचं कारण नव्हतं, आणि निहलानींनी ते दाखवलेलं नाही. 1981च्या भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात (इफ्फी) या चित्रपटाला सुवर्णमयूर मिळाला. पुढे 'तमस'साठी त्यांनी मूर्तींना कॅमेऱ्यामागे बोलावलं. शिष्य दिग्दर्शक, गुरू छायालेखक. भारतीय चित्रपटाच्या इतिहासातली ही मला फार आवडणारी घटना आहे.

'आक्रोश'च्या तीन वर्षं आधी जब्बार पटेलांनी 'जैत रे जैत'मध्ये ठाकर समाजाला पडद्यावर आणलं होतं. कथानक कर्नाळ्याच्या बाजूचं; पण ठाकरवाड्या कर्जतपासून मुरबाड, शहापूरपर्यंत पसरल्या आहेत आणि तो चित्रपट इथलाही आहे. त्यातलं गाणं, त्यातला नाच सगळ्यांच्या लक्षात राहिला. ठाकराच्या घरातला अंधार मात्र मराठी पडद्यावर अजून पुरता आलेला नाही.

पैशाचं बोलायला हवं, कारण सौंदर्याच्या गोष्टी करताना ते नेहमी राहून जातं. स्वतंत्र चित्रपटावर छायालेखकाला महिनाभर राबून जे मिळतं ते कित्येकदा जाहिरातीच्या दोन-चार दिवसांत मिळून जातं. म्हणून त्याचं वर्ष विचित्र असतं. साबण, सिमेंट, दागिने, एखादी मालिका, एखाद्या कंपनीची माहितीफीत. यांतून घरभाडं आणि मुलांच्या फिया निघतात, आणि मग कोणीतरी फोन करतो, 'पटकथा आहे, पैसे नाहीत, पंचवीस दिवसांत उरकायचं आहे.' तो हो म्हणतो. त्याच्याबरोबर त्याचा फोकस पुलर, त्याचा गॅफर, त्याचे लाईटमन हो म्हणतात, आणि त्यांच्या घरची गणितं आणखी अवघड असतात. मोठ्या चित्रपटात शंभर-दोनशे माणसं, व्हॅनिटी, जनरेटर. ढग आला म्हणून तासभर थांबायचं तर त्या तासाचा हिशेब लाखांत जातो. म्हणून तिथे ढगावर मात करणारे दिवे आणतात. लहान युनिट दिवे आणू शकत नाही, पण वीस माणसं झाडाखाली बसून ढग जायची वाट पाहू शकतात. थांबणं हे या चित्रपटांचं भांडवल आहे. 'विहीर'मध्ये सुधीर पळसाणे यांच्या कॅमेऱ्याला पाण्याकडे आणि माळाकडे पाहायला जो वेळ मिळाला, किंवा 'कोर्ट'मध्ये मृणाल देसाई यांचा कॅमेरा न्यायालयाच्या खोलीत दूर, स्थिर उभा राहून सगळ्यांना आपापली वाक्यं संपवू देतो, त्यामागे दिग्दर्शकाची दृष्टी आहेच. पण ती दृष्टी परवडली, याचं कारण कोणीतरी स्वतःच्या कमाईवर पाणी सोडलं होतं.

आणि म्हणूनच या वाटेवरचे बरेच जण पुढे दिग्दर्शनाकडे वळतात. अविनाश अरुण पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून छायालेखन शिकले. ही संस्था प्रभातच्या जुन्या आवारात आहे, व्ही. अवधूत यांनी जिथे 'संत तुकाराम' चित्रित केला, तीच जागा. अविनाश अरुण यांचा 'किल्ला' पावसाळी कोकणातल्या एका मुलाचा चित्रपट. दिग्दर्शन आणि छायालेखन दोन्ही त्यांचं, बर्लिनमध्ये 2014 साली क्रिस्टल बेअर मिळवणारा. पाऊस तिथे देखावा म्हणून येत नाही. तो ओसरीवर, दप्तरावर, कचेरीतल्या कागदांवर साचून राहतो, मुलाच्या एकटेपणासारखा. त्यांनी 'मसान' दुसऱ्यासाठी चित्रित केला, पुढे 'थ्री ऑफ अस' दिग्दर्शित केला. 'देऊळ' आणि 'सैराट'चे छायालेखक सुधाकर रेड्डी यक्कंटी यांनी 'नाळ' केला. लोक याला बढती समजतात. मला तसं वाटत नाही. ढग जाईपर्यंत थांबायचं की नाही हे अखेर दिग्दर्शक ठरवतो. ज्याने आयुष्यभर थांबायची परवानगी मागितली, त्याला ती स्वतःच देता यावी असं वाटणारच.

यंत्राची बाजू मात्र गेल्या पंधरा वर्षांत पालटली आहे आणि ती या घरांच्या बाजूने पालटली आहे. निहलानींच्या पिढीची रंगीत फिल्म शंभर एएसएची होती. तिला कुडाच्या घरातला कोपरा दिसणं शक्यच नव्हतं. 2010 साली आलेला ॲलेक्सा कॅमेरा 800वर सहज चालतो आणि चौदा स्टॉपच्या आसपासचा फरक एका चौकटीत धरतो. आता हातात मावणारे सोनीचे कॅमेरे 12800वर स्वच्छ चित्र देतात. चुलीचा विस्तव आणि एक चिमणी त्यांना पुरते. दाराबाहेरचं खाचर न भाजता चुलीमागची भिंत दिसेल, असं यंत्र पहिल्यांदाच आपल्याजवळ आहे. आणि ते मुरबाडच्या बाजारपेठेत आहे. सरळगाव, किन्हवली, धसई, टोकावडे या बाजूला हळदी-लग्नांचं चित्रीकरण करणारी पोरं हाच कॅमेरा वापरतात. एका रात्रीत डीजेचे लुकलुकते दिवे, मांडवातल्या ट्यूब, हॅलोजन, चेहऱ्याला लावलेली पिवळी हळद हे सगळं एका माणसाने, पळत पळत, चुकायची मुभा नसताना टिपायचं. दुसऱ्यांदा हळद लागत नाही. मिश्र उजेडाचं इतकं कडक शिक्षण कुठल्याच संस्थेत मिळत नसेल. सावळ्या नवरीला पडद्यावर गोरी करा असा घरच्यांचा आग्रह त्यांनाही रोज सोसावा लागतो. फाळक्यांच्या रंग फासलेल्या नटांपासून ते मोबाइलमधल्या फिल्टरपर्यंत ती मागणी काही हटलेली नाही.

दुसरीकडे घरं पालटत आहेत. कातकरी ही महाराष्ट्रातल्या तीन आदिम जमातींपैकी एक. 2023 साली सुरू झालेल्या जनमन योजनेतून आणि त्याआधीच्या योजनांतून पाड्यांवर पक्की घरकुलं उभी राहत आहेत. विटांच्या भिंती, पत्र्याचं किंवा स्लॅबचं छप्पर, खिडकी, पांढरा डिस्टेंपर, छताला एलईडी. हे व्हायलाच हवं होतं, फार आधी व्हायला हवं होतं. कोणाच्या कॅमेऱ्याला सुंदर दिसतं म्हणून कोणी धुरात डोळे चोळत स्वयंपाक करू नये. जून 2025मध्ये समृद्धी महामार्गाचा इगतपुरी ते आमणे हा शेवटचा टप्पा शहापूर तालुक्यातून वाहता झाला. त्याच्या दिव्यांनी रात्रीचं आभाळही पूर्वीचं ठेवलेलं नाही. फाल्गुन-चैत्रात राब भाजतात तेव्हा खाचरांवरून धूर पसरतो आणि मावळतीचं ऊन त्यात अडकून तासभर लोंबतं, तेही किती वर्षं राहील कोण जाणे. शेतं भूखंड होत चालली आहेत. घर कसं होतं याचे आराखडे राहतील, वस्तू संग्रहालयात जातील, गाणी ध्वनिमुद्रित झाली आहेत. पण त्या घरात उजेड कसा पडत होता, दाराशी बसलेल्या बाईचा चेहरा कुठून उजळत होता, हे लिहून ठेवता येत नाही. मी वर प्रयत्न केला आहे आणि तो अपुरा आहे. ते कॅमेऱ्यानेच राहील, आणि तेही नीट समजून लावलेल्या कॅमेऱ्याने.

घाटापलीकडे, अहिल्यानगर जिल्ह्याच्या एका गावात रोहन कानवडे यांनी 'साबर बोंडं' केला. विकास उर्स यांच्या कॅमेऱ्याने तिथलं घर, ओटा, झाडाखालची दुपार अशा शांतपणे पाहिली, की 2025 साली सनडान्समध्ये त्याला जागतिक कथापट विभागाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. तेव्हा हे होऊ शकतं, आणि आपल्या भाषेत होऊ शकतं. आपल्याकडे कमी आहे ती वेगळीच गोष्ट. मुंबईचं युनिट मुरबाडला येतं तेव्हा इथल्या पोरांना केबली ओढायला, गर्दी आवरायला आणि चहा आणायला घेतलं जातं. त्यांना रेकीच्या दिवशी बरोबर न्यावं. कॅमेरा-साहाय्यक म्हणून नावासकट, पगारासकट घ्यावं. आणि शेड्यूल पक्कं करण्याआधी बेलपाड्यात ऊन कड्यावरून अंगणात किती वाजता उतरतं, पावसाआधीच्या कोणत्या आठवड्यात राबांचा धूर असतो, कोणत्या घरात अजून काचेचं कौल आहे, हे त्यांनाच विचारावं.